कावळ्यांना टाकलेला बलक

1986 साली माझ्या वडिलांना हृदयविकाराचा झटका आला. ते वाचले, आणि आमच्या घरात अंडं खायची रीत बदलली. आई अंडी उकडायची, सोलायची, शिवणाच्या दोऱ्याने मधोमध कापायची. पांढरा भाग वडिलांच्या ताटलीत जायचा. पिवळे गोळे खिडकीच्या कठड्यावर, कावळ्यांसाठी. कपाटाच्या दाराला आतून वर्तमानपत्राचं एक कात्रण चिकटवलं होतं: हृदयरोग्यांनी अंड्यातला पिवळा बलक टाळावा. सल्ला त्या काळाला धरून होता आणि वडिलांसाठी होता. पण काही महिन्यांत आमच्या, म्हणजे मुलांच्या ताटलीतलाही बलक कावळ्यांकडे जायला लागला. मी नऊ वर्षांची, भाऊ सहाचा. शाळेच्या आरोग्य तपासणीत आम्हा दोघांच्याही कार्डावर 'वजन कमी' असा शेरा होता. आईला कोणी फसवलं नव्हतं. तिने एक खरी बातमी वाचली आणि जिवाच्या भीतीने ती सगळ्या घराला लागू केली.

हे प्रकरण त्या बलकाबद्दल आहे. अन्नाविषयीची माहिती प्रयोगशाळेतून निघून स्वयंपाकघरापर्यंत येताना वाटेत काय काय सांडतं, हे अंड्याइतकं स्पष्ट दुसऱ्या कुठल्याच पदार्थात दिसत नाही.

सुरुवात सशांपासून करावी लागते. 1913 साली सेंट पीटर्सबर्गमध्ये निकोलाय अनिच्कोव्ह या तरुण वैद्यकाने शुद्ध कोलेस्टेरॉल सूर्यफुलाच्या तेलात विरघळवून सशांना चारलं. सशांच्या धमन्यांत तसेच थर साचले, जसे हृदयरोग्यांच्या धमन्यांत दिसतात. प्रयोग मोलाचा होता, धमन्यांच्या आजाराचा पुढचा सगळा अभ्यास त्यावर उभा आहे. पण ससा पाला खाणारा प्राणी. त्याच्या रोजच्या खाण्यात कोलेस्टेरॉल नसतंच, त्यामुळे ते आल्यावर काय करायचं याची सोय त्याच्या शरीरात फारशी नाही. उंदरांवर आणि कुत्र्यांवर तोच प्रयोग तसा साधला नाही. माणसाचं शरीर तर स्वतःच कोलेस्टेरॉल बनवतं, यकृत त्यातलं मुख्य, आणि खाण्यातून जास्त आलं तर बहुतेक लोकांत ते आपलं उत्पादन कमी करून बराचसा मेळ घालतं. अमेरिकन शास्त्रज्ञ अँसेल कीज यांनी 1950च्या दशकातच नोंदवलं होतं की माणसाच्या रक्तातलं कोलेस्टेरॉल खाण्यातल्या कोलेस्टेरॉलने फारसं हलत नाही. ते हलतं आहारातल्या स्निग्ध पदार्थांच्या प्रकाराने, म्हणजे लोणी, चरबी यांतल्या संपृक्त मेदाने. जानेवारी 1961 मध्ये हेच कीज 'टाइम' साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर झळकले आणि मेद, कोलेस्टेरॉल, हृदय हे शब्द घरोघरी गेले. जाताना मात्र त्यांतला भेद गळून पडला. 'रक्तातलं कोलेस्टेरॉल' आणि 'खाण्यातलं कोलेस्टेरॉल' या दोन गोष्टींना एकच नाव असल्याने वाचकाच्या मनात त्या एकच झाल्या. 1968 साली अमेरिकन हार्ट असोसिएशनने आठवड्याला तीनपेक्षा जास्त बलक नकोत असं सांगितलं. आकडा सोपा होता, लक्षात राहणारा होता, आणि तो राहिला.

आता 26 मार्च 1984चा 'टाइम'चा अंक पाहा. मुखपृष्ठावर एक ताटली: दोन तळलेली अंडी म्हणजे डोळे आणि त्यांखाली उलट्या चंद्रकोरीसारखी वळवलेली बेकनची पट्टी म्हणजे पडलेलं तोंड. कोलेस्टेरॉलची वाईट बातमी सांगणारं ते चित्र इतकं बोलकं होतं की आतला लेख न वाचताही निरोप पोचत होता. या अंकाला निमित्त होतं अमेरिकेतल्या एका मोठ्या चाचणीचं. रक्तात कोलेस्टेरॉल खूप जास्त असलेले 3,806 मध्यमवयीन पुरुष, सात वर्षांहून अधिक काळ. अर्ध्यांना कोलेस्टिरामिन नावाचं औषध, अर्ध्यांना औषधासारखी दिसणारी निरुपद्रवी पूड. खाण्यापिण्याचा सल्ला मात्र दोन्ही गटांना सारखाच होता.

इथे मी वाचकाला थांबायला सांगते. दोन्ही गटांचा आहाराचा सल्ला सारखा, फरक फक्त औषधाचा. म्हणजे या चाचणीने आहाराबद्दल काही सिद्ध केलं नव्हतं, अंड्याबद्दल तर नाहीच. पण मुखपृष्ठावर औषधाच्या पुडीचं चित्र काय काढणार? अंडं सर्वांच्या ओळखीचं. चित्रकाराने आपलं काम उत्तम केलं, आणि त्या उत्तम चित्रामुळेच एका औषधाच्या चाचणीचा निष्कर्ष जगभर अंड्याच्या माथी बसला.

आकड्यांचंही तसंच झालं. औषधाने हृदयविकाराचे झटके आणि त्यातले मृत्यू 19 टक्क्यांनी कमी झाले, असं सांगितलं गेलं. आकडा खरा आहे. पण मोजणी अशी होती: औषध न घेतलेल्या 1,900 जणांपैकी 187 जणांना झटका आला किंवा त्यात मृत्यू आला, औषध घेतलेल्या 1,906 पैकी 155 जणांना. हजारी हिशोब केला तर सात वर्षांत 98 ऐवजी 81. हजारांत सतरा माणसं वाचणं ही लहान गोष्ट नाही. त्या सतरा घरांना विचारा. पण '19 टक्के' ऐकताना आपल्या डोळ्यांपुढे शंभरातली एकोणीस माणसं उभी राहतात, ती तिथे नव्हती. टक्का कशाचा, हे विचारल्याशिवाय आहाराची कुठलीही बातमी पुढे वाचू नये, असं मला मनापासून वाटतं. ऑक्टोबर 2015 मध्ये जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने जाहीर केलं की रोज 50 ग्रॅम प्रक्रिया केलेलं मांस खाल्लं तर मोठ्या आतड्याच्या कर्करोगाचा धोका 18 टक्क्यांनी वाढतो. पाश्चात्त्य देशांत आयुष्यभरात हा कर्करोग शंभरातल्या साधारण पाच जणांना होतो. त्यात 18 टक्के वाढ म्हणजे पाचाचे सहा. दोन्ही विधानं एकच गोष्ट सांगतात. एकाने माणूस घाबरतो, दुसऱ्याने विचार करतो.

अमेरिकेत अंड्यांच्या बाजूनेही गप्प बसलेलं कोणी नव्हतं. 1970च्या दशकात तिथल्या अंडी उद्योगाने जाहिराती दिल्या, की अंडी आणि हृदयरोग यांचा संबंध दाखवणारा काही शास्त्रीय पुरावाच नाही. सरकारी व्यापार आयोगाने त्यांना रोखलं आणि 1977 साली अपील न्यायालयानेही त्या जाहिराती दिशाभूल करणाऱ्या ठरवल्या, कारण पुरावा होता. तो वादग्रस्त होता इतकंच. भीती विकणारे आणि अभय विकणारे, दोघांनीही वादातला 'कदाचित' खोडून टाकला. तिथे 1945च्या सुमारास माणशी वर्षाला चारशेच्या आसपास अंडी खपत, 1990च्या दशकाच्या सुरुवातीला ती अडीचशेच्याही खाली आली.

आणि आपल्याकडे? 1980–81 मध्ये भारतात माणशी वर्षाला 15 अंडी उपलब्ध होती. दहा वर्षांनी, 1990–91 मध्ये, 25. म्हणजे महिन्याला जेमतेम दोन. अडीचशे-चारशे अंडी, त्यासोबत बेकन, लोणी, गोमांस खाणाऱ्या समाजाला दिलेली ताकीद आपण महिन्याला दोन अंडी खाणाऱ्या समाजात जशीच्या तशी आणली. वृत्तसंस्थेच्या तारेवरून मथळा आला. ताटली तारेवरून येत नाही. माझ्या आईच्या हातून कावळ्यांकडे गेलेला बलक हा त्या उसन्या भीतीचा हिशोब आहे. साधारण 50 ग्रॅमच्या अंड्यात सहा ग्रॅम प्रथिनं असतात आणि त्यांतली चाळीस टक्क्यांहून अधिक बलकात. 'अ' आणि 'ड' जीवनसत्त्व, बी-12, कोलीन, लोह, हे जवळजवळ सगळं पिवळ्यातच. अंड्यातलं प्रथिन इतकं चांगल्या प्रतीचं, की पोषणशास्त्रात अनेक वर्षं इतर प्रथिनांची प्रत त्याच्याशी ताडून मोजत. दोन किडकिडीत मुलांच्या ताटलीतून आम्ही नेमकं तेच काढत होतो.

त्याच काळात पुण्यातून उलट दिशेने एक आवाज उठला. 1980च्या दशकाच्या सुरुवातीला अंड्यांचे भाव कोसळले होते, उत्पादनखर्चही निघत नव्हता, आणि भाव ठरवत होते व्यापारी. डॉ. बी. व्ही. राव यांनी गावोगावच्या पोल्ट्रीवाल्यांना एकत्र केलं आणि 1982 साली राष्ट्रीय अंडी समन्वय समिती उभी राहिली. आपल्या अंड्याचा भाव आपण ठरवायचा, हा तिचा मंत्र. आजही किरकोळ विक्रेता 'आजचा रेट' म्हणतो तेव्हा तो याच समितीने जाहीर केलेल्या शेकडा भावाकडे बोट दाखवत असतो. भावासोबत समितीने खपाकडे लक्ष दिलं. दूरदर्शनवर ती हिंदी जाहिरात आली, वार कुठलाही असो, अंडं खा, असं सांगणारी. माझ्या पिढीतल्या कोणालाही ती चालीसकट पाठ असेल. जाहिरात उद्योगाची होती, हेतू विक्रीचा होता, हे लपवण्याचं कारण नाही. तरी मी तिच्याकडे कृतज्ञतेने पाहते. श्रावणात अंडं नको, उन्हाळ्यात उष्ण पडतं, मुलींना तर नकोच, अशा शंभर 'नको'च्या घरांत तिने अंड्याला रोजच्या खाण्यातली साधी वस्तू केलं. अर्थात, ती ऐकायला घरात टीव्ही लागत होता. ज्यांना अंड्याची सर्वांत जास्त गरज होती त्यांच्या घरात वीज नव्हती.

पुढे विज्ञानाचं वारं फिरलं. 1999 साली 'टाइम'च्या मुखपृष्ठावर पुन्हा अंड्यांचे डोळे आले, या वेळी हसऱ्या तोंडाचे. 2014 साली त्याच साप्ताहिकाने लोण्याची वळी छापून 'लोणी खा' म्हटलं. 2015 साली अमेरिकेच्या आहार मार्गदर्शनासाठी नेमलेल्या समितीने खाण्यातल्या कोलेस्टेरॉलवरची रोजची 300 मिलिग्रॅमची मर्यादा काढायला सुचवलं आणि ती गेली. जगभर मथळे आले की अंडं निर्दोष सुटलं. मात्र त्याच मार्गदर्शनात, थोडं पुढे, कोलेस्टेरॉल शक्य तितकं कमी खावं असंही लिहिलेलं होतं. ते मथळ्यात मावलं नाही.

मार्च 2019 मध्ये आणखी एक बातमी: 29,615 अमेरिकन प्रौढांच्या पाहणीत रोजच्या प्रत्येक जादा अर्ध्या अंड्यामागे हृदयविकाराचा धोका सहा टक्क्यांनी जास्त आढळला. पुन्हा घबराट. या लोकांच्या खाण्याची चौकशी मात्र पाहणीच्या सुरुवातीला एकदाच झाली होती, आणि मग सरासरी सतरा वर्षं त्यांच्या प्रकृतीवर लक्ष ठेवलं गेलं. सतरा वर्षांपूर्वी मी काय खात होते हे आज कोणी माझ्या प्रकृतीला जोडलं तर मला ते पटणार नाही. वर्षभरातच, 2020 मध्ये, दोन लाखांहून अधिक अमेरिकनांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यात दर काही वर्षांनी आहार पुन्हा विचारला होता, आणि रोज एका अंड्यापर्यंत धोक्यात वाढ दिसली नाही. त्याआधी 2018 मध्ये चीनमधल्या चार लाखांहून अधिक लोकांच्या पाहणीत रोज अंडं खाणाऱ्यांत हृदयविकाराचा धोका 11 टक्क्यांनी कमीच दिसला होता. अंड्याने हृदय सुधारलं असं त्यावरून म्हणावं का? तिथे रोज अंडं खाणारे लोक जास्त शिकलेले आणि जास्त कमावणारे होते. पैसा आणि शिक्षण यांनीही हृदय सांभाळलं जातं. संशोधक हे हिशोबात धरायचा प्रयत्न करतात, पण पूर्ण धरता येत नाही.

म्हणून असे अभ्यास एवढंच म्हणतात की दोन गोष्टी एकत्र आढळल्या. आणि इथे आपल्या भाषेबद्दल एक गोष्ट सांगावीशी वाटते, कारण आरोग्याच्या पुरवण्या मी अनेक वर्षं आस्थेने वाचते. मूळ निबंधातलं सावध इंग्रजी वाक्य मराठीत नीट आणायचं तर 'यांच्यात संबंध आढळून आला' असं लांबट लिहावं लागतं. मथळ्याला जागा असते पाच-सहा शब्दांची. तिथे आपला '-मुळे' हा प्रत्यय धावून येतो. 'अंड्यामुळे हृदयविकार', 'हळदीमुळे स्मरणशक्ती', 'चहामुळे कर्करोग'. दोन अक्षरांत 'एकत्र आढळलं'चं 'कारण झालं' होतं. दोष एकट्या बातमीदाराचाही नसतो. ब्रिटनमधल्या वीस विद्यापीठांची 462 प्रसिद्धिपत्रकं तपासणारा अभ्यास 2014 साली आला. त्यात दिसलं की तीनातल्या एका पत्रकात 'संबंधा'चं 'कारण' आधीच करून टाकलेलं होतं आणि साधारण तितक्याच पत्रकांत प्राण्यांवरचा निष्कर्ष माणसांवर ढकललेला होता. ज्या पत्रकात अतिशयोक्ती, त्यावरच्या बातमीतही ती येण्याची शक्यता कितीतरी जास्त. अनिच्कोव्हच्या सशांची वाट शंभर वर्षांनंतरही चालू आहे, फक्त तिची सुरुवात आता विद्यापीठाच्या जनसंपर्क कार्यालयापासून होते.

फोनवरून फिरणाऱ्या व्हिडिओंचं मी थोडक्यात सांगते, कारण तिथे गुंता कमी आहे. 2017 साली कोलकात्यात 'चीनची प्लास्टिकची अंडी' सापडल्याची तक्रार झाली आणि महिनाभर देशभर लोक अंड्याची टरफलं जाळून पाहत होते. टरफलाच्या आत एक पातळ पापुद्रा असतो. अंडं शिळं झालं की तो वाळून कागदासारखा जाड लागतो, आणि जाळला की प्लास्टिकसारखा आवळतो. अंडं तेव्हा चार-पाच रुपयांना मिळत होतं. त्या पैशांत टरफल, पापुद्रा, पांढरा आणि पिवळा बलक हाताने घडवणारा कारखाना कोण काढील? अन्नसुरक्षा प्राधिकरणालाही प्लास्टिकचं अंडं ही अफवा असल्याचा खुलासा करावा लागला. गावरान अंड्याच्या मोहाचंही असंच. टरफलाचा रंग कोंबडीच्या जातीवर ठरतो, बलकाचा रंग तिच्या खाद्यावर. पिवळा मका किंवा झेंडूचा अर्क दिला की 'बॉयलर'चा बलकही केशरी होतो. गावरान अंडं चवीला आवडत असेल तर जरूर घ्यावं. दुप्पट पैशांत दुप्पट पोषण मिळतं असं मात्र नाही. ज्या आईकडे मोजकेच पैसे आहेत तिने एका तपकिरी अंड्याऐवजी दोन पांढरी घेतली तर मुलाचं भलं होईल. हे सांगणारा व्हिडिओ मी अजून पाहिलेला नाही, कारण त्यातून कोणाचा काही माल खपत नाही.

मग आज अंड्याबद्दल काय सांगता येतं? निरोगी माणसाने रोज एक अख्खं अंडं खाल्लं तर काळजीचं कारण दिसत नाही. मधुमेह असेल किंवा घराण्यातच कोलेस्टेरॉल फार जास्त असेल, तर प्रमाण डॉक्टरांशी बोलून ठरवावं. आणि अंड्यापेक्षा, ते कशात तळलं आणि कशाबरोबर खाल्लं, याकडे जास्त पाहावं. हे उत्तर कोणत्याही मथळ्याला शोभणार नाही.

चांगल्या बातमीलाही हीच शिस्त लावायला हवी. 2017 साली इक्वेडोरच्या डोंगराळ कोतोपाक्सी प्रांतातल्या एका चाचणीचे निष्कर्ष आले. सहा ते नऊ महिन्यांच्या 163 बाळांपैकी निम्म्यांना सहा महिने रोज एक अंडं दिलं, तर त्यांच्यात खुजेपणाचं प्रमाण 47 टक्क्यांनी कमी राहिलं. मी हे वाचून हरखले होते. दोन वर्षांनी आफ्रिकेतल्या मलावीत 660 बाळांवर जवळपास तसाच प्रयोग झाला, आणि वाढीत फरक दिसला नाही. मलावीची ती गावं मोठ्या तलावाकाठची. तिथली बाळं आधीपासूनच मासे खात होती, आणि खुजेपणाही तुलनेने कमी होता. अंडं तेच, ताटली वेगळी. बटाटा आणि पेजेच्या जोडीला आलेलं अंडं आणि माशांच्या जोडीला आलेलं अंडं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. 'हे खा' किंवा 'हे खाऊ नका' असं कोणी सांगितलं की मी आता एवढंच पाहते: कोणाच्या ताटात, किती, आणि कशाच्या ऐवजी.

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत महाराष्ट्रातली पाच वर्षांखालची 35.2 टक्के मुलं वयाच्या मानाने खुजी आढळली, 36.1 टक्के कमी वजनाची. देशात 2023–24 मध्ये माणशी वर्षाला 103 अंडी उपलब्ध होती; पोषणतज्ज्ञांची शिफारस साधारण 180ची आहे. तमिळनाडूने 1989 पासून शाळेच्या जेवणात अंडं द्यायला सुरुवात केली, तिथे आज आठवड्याला पाच मिळतात. महाराष्ट्राने नोव्हेंबर 2023 मध्ये शालेय पोषण आहारात आठवड्यातून एकदा अंडं द्यायचं ठरवलं. न खाणाऱ्यांना केळं. जानेवारी 2025 मध्ये राज्याने त्यासाठीचा निधी थांबवला. अंडी द्यायची तर शाळांनी ती लोकसहभागातून द्यावीत, असं सांगण्यात आलं.

त्या दिवसांतली कात्रणं मी काढून ठेवली आहेत. त्यांत कोणत्या संघटनांचा विरोध होता हे आहे, किती कोटी वाचतील हे आहे, कोण काय बोललं हेही आहे. आठवड्यातल्या त्या एका दिवशी अंड्याच्या ऐवजी मुलांच्या ताटात काय वाढलं गेलं, हे सांगणारं कात्रण मी बरेच दिवस शोधत होते.